खागडाबाडी नक्की कुठली? छिटमहाल, सारखी नावं आणि फुकट गेलेली एक टोटो-सवारी

टिपणवही

मंडळी, आधी फजिती सांगतो, मग विषयाकडे येतो.

डिसेंबरात कामासाठी सिलीगुडीला होतो. मधले दोन दिवस मोकळे निघाले आणि डोक्यातला जुना किडा वळवळला. कॉलेजात असताना कुठेतरी वाचलं होतं की भारताच्या पोटात बांगलादेश, त्याच्या पोटात भारत, आणि हे सगळंच बांगलादेशाच्या पोटात असा एक तुकडा आहे. अशा दुसऱ्या देशाच्या पोटात अडकलेल्या तुकड्यांना तिकडे छिटमहाल किंवा नुसतं छिट म्हणतात. नाव लक्षात होतं, खागडाबाडी. कूचबिहारजवळ एवढंही लक्षात होतं. निघालो.

न्यू कूचबिहारला उतरलो आणि टोटोवाल्याला (बॅटरीवरची रिक्षा) विचारलं, "खागडाबाडी?" तो म्हणाला, "बोशुन." एवढी सहज 'बसा' म्हणतोय म्हटल्यावर मला शंका यायला हवी होती. थोड्याच वेळात त्याने एका गजबजलेल्या चौकात उतरवलं आणि म्हणाला, "खागडाबाडी चौपथी." मी ऐकलं चौपाटी. बघतो तर मोबाइल रिचार्जची दुकानं, मोमोची गाडी, उसाचा रस. चहावाल्याला विचारलं, छिटमहाल कुठे? तो किटलीतून नजर न काढता म्हणाला, "ओटा तो ओपारे." म्हणजे ते तर पलीकडे, सीमेच्या पार.

घरी येऊन नीट वाचल्यावर उलगडा झाला. मी गेलो ती खागडाबाडी हे कूचबिहार शहराला चिकटलेलं साधं उपनगर. मला हवी होती ती दहला खागडाबाडी. ती बालापाडा खागडाबाडीच्या आतल्या एका तुकड्याच्या आत. शिडी अशी होती: सगळ्यात बाहेर बांगलादेशाच्या पंचगड जिल्ह्यातला देबीगंजचा भाग. त्यात भारताची बालापाडा खागडाबाडी. त्यात बांगलादेशाची उपनचौकी भजनी. आणि तिच्यात भारताची दहला खागडाबाडी, साधारण ७००० चौरस मीटर, म्हणजे पावणेदोन एकराचं तागाचं शेत. तिसऱ्या पातळीचा असा तुकडा जगात हा एकच होता. 'होता', कारण ३१ जुलै २०१५च्या मध्यरात्री तो बांगलादेशात विरघळला. म्हणजे मी दोन चुका केल्या: चुकीच्या गावी गेलो, आणि बरोबर गावी गेलो असतो तरी पासपोर्ट-व्हिसा घेऊन आठ-नऊ वर्षं उशिराच पोचलो असतो.

थोडक्यात आकडे. भारताचे १११ छिट बांगलादेशात होते, १७,१६०.६३ एकर. बांगलादेशाचे ५१ भारतात, ७,११०.०२ एकर. हे १६२ तुकडे एका रात्रीत अदलाबदल झाले. सीमेवर जुना राहिलेला एकच मोठा तुकडा म्हणजे दहला-अंगरपोता. तो अजूनही बांगलादेशाचाच आहे आणि 'तीन बिघा' नावाच्या भारतीय पट्टीतून तिकडे जाता येतं.

या नावांच्या गोंधळावर कुणाकडे आणखी मसाला असेल तर टाका. माझी फजिती एकट्याची नसावी अशी आशा आहे.

खवचट

पहिला मी. लेख आवडला. टोटोचे किती घेतले ते नाही लिहिलंत.

टिपणवही

जाताना तीस. येताना त्याच टोटोवाल्याने पन्नास, कारण तोवर मी गिऱ्हाईक नाही, पर्यटक झालो होतो.

सातबारा

३१ वर्षं तलाठी होतो, त्यामुळे हा धागा माझ्यासाठीच काढल्यासारखा वाटला.

'महाल' शब्दावर सगळे अडखळतात. राजवाडा नव्हे. आपल्याकडे महालकरी होते, गुजरातेत पंचमहाल आहे, तोच हा महाल: वसुलीचा एक घटक. आणि बंगालीतला छिट म्हणजे सुटा तुकडा, ठिपका. आपल्या भाषेत शिंतोडा म्हणा. तेव्हा छिटमहाल म्हणजे मुख्य मुलखापासून उडून पडलेला वसुलीचा शिंतोडा. शब्दच सांगतो की भानगड सैन्याची नाही, सारावसुलीची आहे.

कूचबिहारचा राजा आणि रंगपूरचा नबाब बुद्धिबळात गावं पणाला लावायचे, ही गोष्ट सगळीकडे फिरते. ऐकायला गोड, पण खरं कारण रुक्ष आहे. अठराव्या शतकाच्या सुरुवातीला मोगल आणि कूचबिहारचा तह झाला. बोदा, पाटग्राम आणि पूर्वभाग हे तीन चकले (वसुलीचे विभाग) मोगलांकडे गेले. पण त्यांच्या आत कूचबिहारच्या सरदारांच्या जमिनी होत्या, त्या त्यांनी सोडल्या नाहीत. उलट बाजूलाही तसंच. सारा कोणाच्या दप्तरात जमा होतो यावर गाव कोणाचं ते ठरत राहिलं. कोणाला काही अडचण नव्हती. १९४७ला रंगपूर पाकिस्तानात गेलं, १९४९ला कूचबिहार भारतात आलं आणि वसुलीची रेघ एकदम देशाची सीमा झाली.

नावांचं म्हणाल तर आमच्याकडे दुसरं काय होतं? वडगाव बुद्रुक, वडगाव खुर्द, वडगाव शेरी, वडगाव मावळ, आणि हे सगळं एकट्या पुणे जिल्ह्यात. आंबेगाव म्हणून पत्र आलं की पहिला प्रश्न: बुद्रुक, खुर्द की तालुका? पक्षकार नुसतं 'वडगावची जमीन' म्हणून उभा राहिला की मी पेन खाली ठेवायचो. आधी गट नंबर सांग, मग बोलू.

राज्यसेवा_तिसरा_प्रयत्न

काका, तुम्ही आमच्या क्लासला शिकवायला या.

माझा गोंधळ वेगळा आहे. बेरुबारी हाही छिटमहालच ना? आमच्या नोट्समध्ये "बेरुबारी एन्क्लेव्ह, ९वी घटनादुरुस्ती" असं लिहिलंय आणि पुढच्या पानावर "छिटमहाल, १००वी घटनादुरुस्ती". मग एकाच गोष्टीला दोन दुरुस्त्या का?

उत्तरबंगाल

जलपाईगुडीत बँकेच्या नोकरीत सहा वर्षं काढली. मराठीत लिहायची सवय सुटली आहे, सांभाळून घ्या.

आधी उच्चार. इंग्रजीत जो 'बारी' दिसतो तो बंगालीत 'बाडी' आहे. घर, परसू, आपली वाडी. बेरुबाडी, खागडाबाडी, कुचलीबाडी. मराठी पुस्तकांनी इंग्रजी स्पेलिंगवरून 'बेरुबारी' केलं आणि ते तसंच चालू आहे. टिपणवहींनी खागडाबाडी लिहिलं म्हणून बरं वाटलं.

आता राज्यसेवा यांना उत्तर: बेरुबाडी छिट नव्हती. तुमच्या नोट्स काढणाऱ्याने दोन प्रकरणं एका दोऱ्यात ओवली आहेत. दक्षिण बेरुबाडी, युनियन (गावांचा गट) नंबर १२, ही भारताच्या मुख्य भूमीला जोडलेली, जलपाईगुडी ठाण्यातली. वाद निघाला तो फाळणीची रेघ आखणाऱ्या रॅडक्लिफच्या निवाड्यातून. लेखी वर्णनात बोदा ठाण्याचा उल्लेखच राहून गेला आणि जोडलेल्या नकाशावरची रेघ वर्णनाशी जुळेना. पाकिस्तानने त्यावर बोट ठेवलं. १९५८च्या नेहरू-नून (नून म्हणजे पाकिस्तानचे पंतप्रधान) करारात ठरलं की युनियन निम्मी-निम्मी वाटायची. त्याच करारात कूचबिहारच्या छिटांची अदलाबदलही होती. म्हणून दोन्ही नावं पहिल्यापासून एकाच कागदावर राहिली आणि लोकांच्या डोक्यात चिकटली.

सर्वोच्च न्यायालयाने १४ मार्च १९६०ला मत दिलं की भारताचा भूभाग दुसऱ्या देशाला द्यायचा तर साधा कायदा पुरणार नाही, घटनादुरुस्ती हवी. म्हणून ९वी दुरुस्ती. पण वाटणी प्रत्यक्षात झालीच नाही. १९७४च्या इंदिरा-मुजीब करारात भारताने बेरुबाडीचा तो दक्षिण अर्धा स्वतःकडे ठेवला आणि त्या बदल्यात बांगलादेशाने दहग्राम आणि अंगरपोता ठेवले.

राज्यसेवा_तिसरा_प्रयत्न

म्हणजे ९वी दुरुस्ती झाली, पण जमीन गेली नाही? हे कुणी सांगितलंच नाही! आणि ११९ कुठून आलं? एका प्रश्नपत्रिकेत पर्याय होता.

उत्तरबंगाल

विधेयकाचा क्रमांक ११९, कायदा झाल्यावर तो १००वी दुरुस्ती. मे २०१५मध्ये दोन्ही सभागृहांनी मंजूर केला. बघा, सारखी नावं सोडा, एकाच गोष्टीचे दोन नंबरही माणसाला खड्ड्यात घालतात.

आता मूळ धाग्यातल्या खागडाबाडीकडे. टिपणवही, तुमची शिडी बरोबर आहे, पण गंमत तुम्ही म्हणता त्याहून मोठी आहे. तुमचं पावणेदोन एकराचं शेत दहला खागडाबाडी, बरोबर. पण त्याच दहला खागडाबाडीच्या नावावर भारताची २,६५०.३५ एकर जमीन होती. तिच्या शेजारी कोटभाजनी २,०१२.२७ एकर आणि बालापाडा खागडाबाडी १,७५२.४४ एकर. तिघं एकमेकांना चिकटून, म्हणजे मिळून जवळजवळ २६ चौरस किलोमीटरचा भारताचा सर्वांत मोठा तुकडा. थोडक्यात, जगातला सर्वांत विचित्र ठिपका आणि सर्वांत मोठ्या छिटाचा सर्वांत मोठा हिस्सा, दोघांचं नाव एकच. इंटरनेटवर "दहला खागडाबाडी एवढीशी की एवढी मोठी" यावर जी भांडणं होतात त्यात दोन्ही बाजू बरोबर असतात.

गराती घ्या. गराती नावाचे सहा छिट, नंबर ७५ ते ८०. ७६ नंबर ०.७९ एकर, ७८ नंबर ९५८.६६ एकर. "मी गरातीचा" म्हणणारा माणूस अंगणातून आला की अख्ख्या गावातून, कळायला मार्ग नाही. नाझीरगंजचे तर डझनाहून जास्त.

सर्वांत अवघड जात म्हणजे दोन्ही याद्यांत असणारी नावं. बालापुखरी भारताच्याही यादीत आहे, बांगलादेशाच्याही. आणि कुचलीबाडीला तर तीन जन्म: मेखलीगंजकडची भारताची साधी कुचलीबाडी, जी कधी छिट नव्हतीच, बांगलादेशात पडलेले भारताचे कुचलीबाडी छिट, आणि भारतात पडलेलं बांगलादेशाचं 'छिट कुचलीबाडी'. तीन बिघाच्या विरोधात आंदोलन पेटलं ते पहिल्या कुचलीबाडीचं, कारण पट्टी बांगलादेशाला दिली तर आपणच छिट होऊन बसू अशी त्यांना भीती होती. बाहेरून आलेल्याला वाटतं छिटातले लोक आंदोलन करतायत. ते छिट *होऊ नये* म्हणून करत होते.

सातबारा

सहाही गराती! यादीत नावापुढे छिट क्रमांक, ठाणं आणि जे.एल. क्रमांक का असतो ते यावरून समजावं. जे.एल. म्हणजे तिकडच्या ठाण्याच्या हद्दीतला मौज्याचा नंबर. नाव हाक मारायला, नंबर कागदाला.

ट्युलिपवाली

नेदरलँड्समध्ये नऊ वर्षं राहते. आमच्या बार्लेची आठवण कुणालाच कशी नाही झाली?

इथे एकाच गावात दोन गावं आहेत: बार्ले-नासाउ नेदरलँड्सचं आणि बार्ले-हेर्टोग बेल्जियमचं. हेर्टोग म्हणजे ड्यूक. तेराव्या शतकाच्या उंबरठ्यावर ब्राबांटच्या ड्यूकने ब्रेडाच्या सरदाराला जमीन दिली, काही स्वतःकडे ठेवली. म्हणजे सातबारा काकांच्या सारावसुलीसारखंच: बार्ले दोघांचं, मागे धन्याचं नाव. बेल्जियमचे २२ तुकडे नेदरलँड्समध्ये, आणि त्यांच्यातल्या काहींत पुन्हा नेदरलँड्सचे सात. फुटपाथवर पांढऱ्या फुल्यांची रांग, एका बाजूला 'बी', दुसऱ्या बाजूला 'एनएल'. घराच्या नंबरपाटीवर झेंडा. नियम असा की पुढचं दार ज्या देशात, घर त्या देशाचं. एका घराच्या बरोबर दारातूनच सीमा जाते, त्याला दोन्ही देशांचे दोन नंबर आहेत. लॉकडाउनमध्ये सीमेवर बसलेल्या एका दुकानाचा बेल्जियमकडचा अर्धा भाग बंद आणि डच अर्धा चालू, असा सीन होता.

माझी मैत्रीण तिथे भाड्याने राहायची. दिवाळीला पुण्याहून तिच्या आईने चकल्या-करंज्या पाठवल्या, पत्त्यात नुसतं 'बार्ले' आणि घर क्रमांक. तोच क्रमांक दुसऱ्या बार्लेतही होता. कुरिअरवाल्याने बेल्जियमच्या आजीबाईंकडे डबा दिला. चार दिवसांनी आजीबाई शोधत आल्या. करंज्या नव्हत्या, चकल्या होत्या.

खवचट

करंज्यांवर बेल्जियमचं सार्वभौमत्व मान्य करायलाच हवं.

ट्युलिपवाली

:) पण खरंच सार्वभौमत्वाचा खटला झालाय, आणि तो या धाग्यासाठी जन्माला आलाय. १८४१ साली दोन्ही बार्लेंच्या नगरपालिकांनी बसून कोणता प्लॉट कोणाचा ते लिहून काढलं. डच प्रतीत होतं: प्लॉट ७८ ते १११ नासाउचे. दुसऱ्या प्रतीत तेच वाक्य तीन तुकड्यांत: ७८ ते ९० नासाउ, ९१ आणि ९२ हेर्टोग, ९३ ते १११ नासाउ. १८४३च्या सीमा-करारात दुसरी प्रत शब्दशः उतरवली गेली. नेदरलँड्स म्हणालं ही नक्कल करतानाची चूक आहे. प्रकरण हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेलं आणि १९५९ला निकाल बेल्जियमच्या बाजूने लागला. करारात जे आलंय ते आलंय. दोन शेतं, एक ओळ, एकशे अठरा वर्षं.

सातबारा

नक्कलकाराची चूक, नंतर तीच मूळ. असं मी इथेही पाहिलंय. फेरफारात खुर्दचं बुद्रुक झालं, आणि पुढची पंधरा वर्षं दोन भाऊ कचेरीच्या पायऱ्या झिजवत होते. गाव सांगत नाही.

घाटपायथा

दादरा आणि नगर हवेलीची आठवण करून द्यायला आलो. लोक एका दमात म्हणतात, पण दादरा वेगळा तुकडा, नगर हवेली वेगळा, मध्ये भारताची जमीन. १९५४ला दोन्ही पोर्तुगीजांकडून सुटले. त्यात गोव्याचे आणि महाराष्ट्राचे स्वयंसेवक होते, सुधीर फडकेही. पोर्तुगाल दमणहून तिथे जायचा हक्क मागायला हेगलाच गेला, निकाल १२ एप्रिल १९६०. म्हणजे बेरुबाडीच्या मतानंतर महिन्याच्या आत. नगर हवेलीच्या पोटात अजून गुजरातचं मघवाल आहे, ते तर त्या भागात राहणाऱ्यांनाही माहीत नसतं.

आणि चंद्रपूरकडे जिवती तालुक्यातली गावं: महाराष्ट्र म्हणतो आमची, तेलंगणा म्हणतो आमची. तिथे घरात दोन-दोन रेशन कार्डं.

राज्यसेवा_तिसरा_प्रयत्न

छिटात मात्र उलटं असणार, एकही कार्ड नाही?

उत्तरबंगाल

हो. आपल्या बाजूच्या बांगलादेशी छिटांत, मशालडांगा, पोआतुरकुठी वगैरे, माणूस भारताने वेढलेला, पण भारताचा नाही. आणि बांगलादेशापर्यंत जायला भारत ओलांडायचा. मशालडांगाही एक नाही: मध्य, उत्तर, दक्षिण, पूर्व, पश्चिम, वर 'मध्य छाट', 'पश्चिम छाट'. शाळेत मुलाला घालायचं तर जवळच्या भारतीय गावातल्या ओळखीच्याचं नाव बाप म्हणून लावायचं. बाळंतपणाला दवाखान्यात जायचं तर नवरा म्हणून दुसऱ्याचं नाव. आपल्याकडे गावांची नावं सारखी म्हणून घोटाळा. तिकडे माणसाला स्वतःचं नाव सोडून दुसऱ्याचं घ्यावं लागायचं.

माझ्या ब्रँचमध्ये २०१५नंतर एक बाई खातं उघडायला आल्या. फॉर्मवर पित्याचं नाव लिहिताना थांबल्या. म्हणाल्या, शाळेच्या दाखल्यावरचं लिहू की खरं? मी काय सांगणार. दाखल्यावरचं लिहा म्हटलं, नाहीतर केवायसी अडकेल. त्यांनी लिहिलं. अक्षर फार सुरेख होतं.

अदलाबदलीच्या वेळी भारतातल्या बांगलादेशी छिटांतून बांगलादेशात जायला कुणीच तयार झालं नाही. तिकडच्या भारतीय छिटांतून हजाराच्या आत माणसं इकडे आली. दिनहाटा, मेखलीगंज, हल्दीबाडीच्या छावण्यांत पत्र्याच्या खोल्यांत राहिली. त्यांना विचारलं कुठले, तर अजून छिटाचं नाव सांगतात. ते नाव आता कुठल्याच नकाशावर भारताचं नाही.

घाटपायथा

हा प्रतिसाद वेगळा लेख म्हणून यायला हवा.

अवांतर: कूचबिहारची मराठी गाठ कुणी काढलीच नाही. बडोद्याच्या सयाजीराव गायकवाडांची मुलगी इंदिराराजे. ग्वाल्हेरच्या शिंद्यांशी ठरलेलं लग्न मोडून त्यांनी १९१३ला कूचबिहारच्या जितेंद्र नारायणांशी लग्न केलं. पती गेल्यावर राज्याचा कारभारही पाहिला. जयपूरच्या गायत्रीदेवी त्यांची मुलगी. म्हणजे हे छिट काही काळ एका गायकवाड बाईच्या अखत्यारीत होते.

टिपणवही

एवढं मिळेल असं वाटलं नव्हतं. उत्तरबंगाल, पुढच्या वेळी निघण्याआधी तुम्हाला विचारीन. सातबारा काका, यापुढे गाव विचारताना नंबरही विचारीन.

उत्तरबंगाल

विचाराच. आणि एक राहिलंच, मगाचपासून सांगायचं होतं. मूळ धाग्यात शेवटून दुसऱ्या परिच्छेदात तुम्ही "दहला-अंगरपोता" लिहिलंय. ते दहग्राम-अंगरपोता. दहला हे तुमच्या तागाच्या शेताचं नाव, ते गेलं. दहग्राम राहिलं, १७८ मीटर लांब आणि ८५ मीटर रुंद पट्टीच्या पलीकडे. १९९२ला ती पट्टी खुली झाली, आधी दिवसातले ठरावीक तास, २०११पासून चोवीस तास.

खवचट

हा हा हा. धागा नावांच्या घोटाळ्यावर आणि धाग्यातच घोटाळा.

टिपणवही

अरे देवा. खरंच की. संपादकांना निरोप टाकलाय, पण त्यांचं उत्तर आलं: प्रतिसाद आलेला धागा बदलता येत नाही, दुरुस्ती प्रतिसादात नोंदवावी. तर नोंदवतो: वर 'दहला' वाचाल तिथे 'दहग्राम' वाचा. पण फक्त त्या एका ठिकाणी. बाकी सगळीकडे दहला म्हणजे दहलाच.

सातबारा

आणि कॉपी-पेस्ट करणारे फक्त वरचंच उचलणार. ९१ आणि ९२.